येथे काळ दुरुस्त करून मिळेल!

सबमिशनच्या आदल्या रात्री होस्टेलवर सर्वांत जास्त मागणी कशाला असते? चहाला नाही, झेरॉक्सलाही नाही, तर वेळेला! "यार, फक्त एक आठवडा मागे जाता आलं असतं ना..." हे वाक्य प्रत्येक ब्रँचमध्ये, प्रत्येक सेमिस्टरला ऐकू येतं. मित्रांनो, समजा खरंच तशी सोय झाली, तर ती कोणाच्या हातात द्यायची?

या प्रश्नावर आयझॅक असिमोव्हने १९५५ साली एक आख्खी कादंबरी लिहिली, 'द एंड ऑफ इटर्निटी'. त्यातली 'इटर्निटी' म्हणजे सत्ताविसाव्या शतकात सुरू झालेली, काळाच्या बाहेर उभी असलेली एक अवाढव्य संस्था. आपण लिफ्टने मजले चढतो-उतरतो, तशी तिथली माणसं 'केटल' नावाच्या वाहनातून शतकं चढतात-उतरतात. कामाची वाटणी अगदी पद्धतशीर. कोणी निरीक्षण करायचं, 'कॉम्प्युटर'ने (हे यंत्र नाही बरं का, माणसाचं पद आहे!) गणित मांडायचं आणि 'टेक्निशियन'ने प्रत्यक्ष जाऊन इतिहास बदलायचा. नियम एकच: बदल कमीत कमी, परिणाम जास्तीत जास्त. थोडक्यात, आपला परीक्षेचा अभ्यास!

नायक अँड्र्यू हार्लन हा असाच एक टेक्निशियन. तो २२३व्या शतकात जाऊन एका यंत्रात किंचित गडबड करतो. त्यामुळे एक तरुण मेकॅनिक्सच्या लेक्चरला पोहोचत नाही, म्हणून तो सोलर इंजिनिअरिंगकडे वळत नाही, म्हणून एक साधं उपकरण तयार व्हायला दहा वर्षं उशीर होतो आणि पुढच्या शतकातलं एक युद्ध होतच नाही! (मेकॅनिक्सचं लेक्चर बंक करायला याहून भारी कारण आजवर कोणी दिलेलं नसेल.)

आता तुम्ही म्हणाल, युद्ध टळलं ना? मग बिघडलं कुठे?

माझ्या मते बिघडलं ते हिशेबात. टळलेलं युद्ध जमेच्या बाजूला लिहिलं जातं. पण त्याबरोबर जे गेलं ते कुठेच लिहिलं जात नाही, कारण बदल झाल्यावर त्या काळातल्या कोणाला ते आठवतच नाही. दुसऱ्या एका प्रसंगात हार्लन फक्त एक डबा एका फळीवरून दुसऱ्या फळीवर ठेवतो आणि सुंदर अवकाशयानांचं एक आख्खं युग पुसलं जातं. इटर्निटीचं गणित फिरून फिरून इथेच येतं: अवकाशात जाणं खर्चिक, धोक्याचं, नकोच ते. प्रत्येक निर्णय सुटा पाहिला तर शहाणपणाचा. सगळ्यांची बेरीज केली तर मात्र घराबाहेर पडायलाच घाबरणारी मानवजात!

आणि ज्यांचं आयुष्य बदललं त्यांना विचारलं कोणी? कोणीच नाही. सामान्य लोकांना वाटतं, इटर्निटी म्हणजे शतकाशतकांमध्ये व्यापार करणारी संस्था. आतले लोकही कमाल आहेत. सगळे मिळून निर्णय घेतात, आणि टेक्निशियन समोरून आला की तोंड फिरवतात, जणू पाप एकट्या त्याचंच! गणित करणाऱ्याचे हात स्वच्छ, कारण त्याने नुसतं गणित केलं. टेक्निशियनला म्हणायला हुकूम आहेच.

मग धोका टाळूच नये का? तसं नाही. 'फॅक्टर ऑफ सेफ्टी' आपण सगळेच शिकतो. पण तो असतो पूल मजबूत व्हावा, लोक बिनधास्त पलीकडे जावेत म्हणून. 'कोणीतरी पडेल, त्यापेक्षा पूलच नको आणि नदीपलीकडे काही आहे हेही सांगायला नको' हा झाला इटर्निटीचा हिशेब.

आता हे सगळं कादंबरीतलं म्हणून सोडून देता येत नाही. काळ बदलण्याचं यंत्र नसलं तरी दुसऱ्यांचं भविष्य ठरवणारे कागद असतातच. मुंबईला वीज हवी म्हणून मुळशीत धरण ठरलं, तेव्हा १९२१ साली तिथल्या शेतकऱ्यांनी सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह केला. वीज खोटी नव्हती. तिचं गणितही चुकलेलं नव्हतं. पण शेत ज्याचं बुडणार होतं, त्याच्या 'नको'ला त्या गणितात रकाना नव्हता.

चार वर्षांनी डिग्री घेऊन बाहेर पडल्यावर आपण बहुतेक जण कोणत्या ना कोणत्या ऑफिसात टेक्निशियनच असणार आहोत. रस्ता कुठून जाणार, कर्ज कोणाला मिळणार, कोणाचा अर्ज सॉफ्टवेअर आपोआप बाद करणार, हे डबे इकडून तिकडे ठेवणारे हात आपले असतील. तेव्हा "मला सांगितलं, मी केलं" एवढं पुरणार नाही. निदान दोन प्रश्न विचारायची हिंमत हवी: ज्यांच्यासाठी हे चाललंय त्यांना विचारलं का? आणि यामुळे जे कधीच घडणार नाही, ते कोणी मोजलं का?

कादंबरीचा शेवट सांगत नाही, मजा जाईल. लायब्ररीत असेल तर वाचा, नसेल तर मागवायला लावा. तोपर्यंत मेकॅनिक्सच्या लेक्चरला मात्र बसा. नाहीतर कुठल्या तरी यंत्राला दहा वर्षं उशीर व्हायचा, आणि कोणाला पत्ताही लागायचा नाही!