सहा तासांचा दिवस आणि सोन्याच्या बेड्या

मॉस्कोत क्रेमलिनलगतच्या उद्यानातील एका स्तंभावरची झार राजांची नावे १९१८ मध्ये पुसण्यात आली आणि त्या जागी समाजवादी विचारवंतांची नावे कोरण्यात आली. त्यांत टॉमस मोर हे एक नाव होते. पुढे सतराच वर्षांनी, १९३५ मध्ये, रोमच्या पोपने याच टॉमस मोरला संतपद बहाल केले. (त्या स्तंभावर २०१३ मध्ये पुन्हा राजघराण्याची नावे आली, हा इतिहासाचा आणखी एक विनोद.) दोन परस्परविरोधी पंथांनी ज्याला आपला मानले, त्या या इंग्रज कायदेपंडिताने १५१६ मध्ये लॅटिन भाषेत ‘युटोपिया’ हे छोटे पुस्तक लिहिले. ‘नसलेले ठिकाण’ असा त्या नावाचा अर्थ. समाजवादी अभ्यासवर्गात मात्र या पुस्तकाचा उल्लेख बहुधा ‘स्वप्नरंजन’ या एकाच शब्दात संपतो. एंगल्सने १८८० मध्ये काल्पनिक आणि शास्त्रीय समाजवाद असा भेद मांडल्यापासून ही सवय जडली आहे. ती सोडून पुस्तक वाचले पाहिजे. कारण त्यात स्वप्नापेक्षा हिशेब अधिक आहे, आणि त्या हिशेबात एक मोठी चूकही आहे.

युटोपिया हे चंद्रकोरीच्या आकाराचे बेट. मध्यभागी त्याची रुंदी दोनशे मैल. पूर्वी ते मुख्य भूमीला जोडलेले होते. युटोपस नावाच्या विजेत्याने पंधरा मैलांचा भूभाग खणून समुद्र आत घेतला. या कामावर त्याने जिंकलेल्या लोकांबरोबर स्वतःचे सैनिकही लावले. हे श्रम म्हणजे आपली मानहानी आहे असे जितांना वाटू नये, हा त्यामागील हेतू. बेटावर चोपन्न नगरे आहेत. सर्वांची भाषा, रीतिरिवाज आणि कायदे एकच. घरांना कुलपे नाहीत, आणि दर दहा वर्षांनी चिठ्ठ्या टाकून घरांची अदलाबदल होते. शेती प्रत्येकाला आलीच पाहिजे. नगरातील माणसे पाळीपाळीने दोन वर्षे शेतावर राहून काम करतात आणि परततात.

दिवसाचे काम सहा तासांचे : तीन तास दुपारपूर्वी आणि, जेवण व विश्रांतीनंतर, तीन तास. एवढ्या श्रमात देशाचे कसे भागते, या आक्षेपाला मोरने दिलेले उत्तर आजही अर्थशास्त्राच्या वर्गात शिकवावे असे आहे. इतर देशांत काम न करणारे किती, ते मोजा, असे तो म्हणतो : धर्मोपदेशक, जमीनदार, त्यांचे भालदार-चोपदार, धडधाकट भिकारी. जे काम करतात त्यांपैकीही किती जण केवळ चैनीच्या वस्तू घडवण्यात गुंतलेले असतात, तेही मोजा. मग खऱ्या गरजा भागवणारे हात किती थोडे उरतात हे कळते. श्रमिकाचा दिवस लांबतो तो निसर्गाच्या कृपणतेमुळे नव्हे, बिनकामाच्या माणसांचा बोजा त्याच्या पाठीवर असल्यामुळे. आठ तासांचा दिवस हा आंतरराष्ट्रीय करार व्हायला १९१९ साल उजाडावे लागले. शंभर वर्षांत आठवड्याला पंधरा तास काम पुरेल, असे भाकीत केन्सने १९३० मध्ये केले. उत्पादनशक्ती त्याच्या अंदाजाप्रमाणे वाढली. तास मात्र त्या प्रमाणात घटले नाहीत. का घटले नाहीत, या प्रश्नाचे उत्तर केन्सपेक्षा मोरजवळ अधिक सापडते.

सोन्याविषयीची त्याची कल्पना तर प्रसिद्धच आहे. युटोपियात सोन्याची शौचपात्रे करतात. परदेशी वकील रत्ने आणि सोनसाखळ्या घालून आले, तेव्हा एक मूल आईला म्हणाले, एवढा मोठा माणूस अजून लहान मुलांचे मणी घालतो! आईने त्याला गप्प केले : तो बहुधा वकिलांचा विदूषक असावा. वाचक येथे हसतो आणि पुढचे वाक्य नजरेतून निसटते. सोन्याच्या बेड्याही केल्या जातात, आणि त्या गुलामांच्या पायांत असतात.

होय, युटोपियात गुलाम आहेत. शेतावरील चाळीस माणसांच्या प्रत्येक कुटुंबामागे दोन, सामुदायिक भोजनगृहातील घाणीच्या आणि कष्टाच्या कामांसाठी आणखी. त्यांत युद्धकैदी आहेत, देशातील गुन्हेगार आहेत, परदेशांतून आणलेले दंडित कैदी आहेत. परवान्यावाचून दुसऱ्यांदा भटकताना सापडलेला नागरिकही गुलाम होतो. मोरच्या बाजूने एवढे म्हटले पाहिजे की ही गुलामी जन्माने येत नाही. गुलामाचे मूल गुलाम नसते. घाण उपसण्याचे काम पिढ्यान्‌पिढ्या एकाच जातीच्या माथी मारणाऱ्या समाजाला मोरकडे बोट दाखवण्याचा अधिकार नाही. जातिव्यवस्था ही श्रमाचीच नव्हे तर श्रमिकांचीही विभागणी आहे, हे डॉ. आंबेडकरांनी १९३६ मध्ये दाखवून दिले. युटोपियात ही विभागणी जन्माऐवजी न्यायालय आणि युद्ध करते, इतकाच फरक.

गुलामांचा आणखी एक वर्ग आहे, आणि तो सर्वांत विचार करायला लावणारा आहे. शेजारच्या देशांतील गरीब मजूर, मायदेशीच्या हलाखीपेक्षा युटोपियातील गुलामी बरी म्हणून, आपण होऊन येतात. त्यांना जवळजवळ नागरिकांसारखे वागवतात. काम मात्र थोडे जास्त. परत जायचे असेल तर अडवत नाहीत, रिकाम्या हातांनीही पाठवत नाहीत. आखाती देशांत इमारती उभारणाऱ्या अनेक मजुरांचे पारपत्र मालकाच्या कपाटात असते. त्यांना हे वर्णन आजही हेवा वाटावा असे आहे. पण नागरिकांच्या सहा तासांचा हिशेब मांडताना मोरने या मजुरांचे तास कोठेच धरलेले नाहीत. ते धरले असते तर बेरीज बदलली असती. समतेचा कोणताही आराखडा पुढे आला की त्यातील तासांची वही मागून घ्यावी, आणि तीत कोणाची नावे नाहीत हे आधी पाहावे.

युटोपियात पशूंची कत्तल नगराबाहेर, वाहत्या पाण्याकाठी होते. मांस धुऊन, स्वच्छ करून मगच ते बाजारात येते. हे काम नागरिकाला करू देत नाहीत. प्राणी मारण्याच्या सवयीने माणसाच्या मनातील करुणा हळूहळू बोथट होते, अशी तेथील लोकांची श्रद्धा आहे. म्हणून ते गुलाम करतात. त्यांच्या करुणेचे काय होते, हे मोरने लिहिलेले नाही.