विश्लेषण : गेमिंग हेडसेटसाठीची ‘डीएलएल’ फाइल कुठून घ्यावी, कुठून नाही?

विंडोज १०चे नियमित मोफत साहाय्य १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले. संगणकावर विंडोज ११ नव्याने टाकली, जुना हेडसेट जोडला, गेम सुरू केला आणि पडद्यावर ‘अमुक डीएलएल फाइल सापडत नाही’ असा संदेश आला, हा अनेकांच्या ओळखीचा प्रसंग. नेटवर शोधले तर तेवढी एकच फाइल फुकट देणाऱ्या संकेतस्थळांची रांग लागते. खरा धोका तिथून सुरू होतो.

डीएलएल म्हणजे काय?

डायनॅमिक लिंक लायब्ररी. इमारतीत घरटी वेगळी टाकी न बांधता गच्चीवर एकच ठेवावी, तसे अनेक प्रोग्रॅमना लागणारे काम एका फाइलीत ठेवलेले असते. ही फाइल स्वतंत्रपणे चालत नाही. ज्या प्रोग्रॅमने तिला बोलावले, त्याच्याच अधिकाराने ती चालते. प्रोग्रॅमला संपूर्ण संगणकाचा ताबा असेल, तर तो तिलाही मिळतो.

हेडसेटला ती कशाला लागते?

नुसता आवाज आणि माइक यांसाठी बहुतेक यूएसबी हेडसेटना कंपनीचे सॉफ्टवेअर लागतच नाही. विंडोजचा स्वतःचा यूएसबी ऑडिओ ड्रायव्हर पुरतो. शत्रूची पावले मागून येताहेत की डावीकडून हे दाखवणारा आभासी सराउंड, माइकमधली पंख्याची घरघर गाळणे, इक्वलायझर, दिव्यांचे रंग ही कामे मात्र कंपनीच्या सॉफ्टवेअरची. आवाजावर प्रक्रिया करणारे असे भाग अनेकदा डीएलएलच्या रूपात थेट विंडोजच्या ध्वनियंत्रणेत बसवले जातात.

बऱ्याचदा हेडसेटवर उगाच खापर फुटते. एक्सऑडिओ२_७ किंवा एक्स३डीऑडिओ१_७ अशा नावाची फाइल हरवली असेल, तर ती जुन्या गेमला हवी असते. मायक्रोसॉफ्टच्या डायरेक्टएक्सच्या जून २०१०च्या संचात ती आहे. विंडोज ११ सोबत ती येत नाही.

अनोळखी फाइल टाकल्यास काय होते?

प्रोग्रॅम बहुधा डीएलएलचे फक्त नाव सांगतो. विंडोज ती आधी प्रोग्रॅमच्याच फोल्डरमध्ये शोधते, नंतर स्वतःच्या फोल्डरमध्ये. त्यामुळे तिथे त्याच नावाची बनावट फाइल ठेवली की अस्सल फाइल बाजूला राहते. याला ‘डीएलएल हायजॅकिंग’ म्हणतात. अनोळखी संकेतस्थळावरची फाइल आपल्या हाताने त्या फोल्डरमध्ये टाकणे म्हणजे हल्लेखोराचे अर्धे काम आपणच करणे.

कंपन्यांचे सॉफ्टवेअर तरी सुरक्षित असते का?

नेहमीच नाही. कार्यालयीन हेडसेटसाठीच्या सेनहायझरच्या ‘हेडसेटअप’ने संगणकात स्वतःचे मूळ प्रमाणपत्र बसवले आणि त्याची गुप्त किल्लीही सोबत दिली, हे २०१८ मध्ये उघड झाले. ती किल्ली मिळवणाऱ्याला कोणत्याही संकेतस्थळाचे खोटे प्रमाणपत्र बनवता आले असते. सॉफ्टवेअर काढून टाकले तरी प्रमाणपत्र मागे राहत होते.

ऑगस्ट २०२१ मध्ये रेझरचा माउस नुसता जोडून विंडोज १०चे सर्वोच्च अधिकार मिळवता येतात, हे एका संशोधकाने दाखवले. विंडोज कंपनीचा इन्स्टॉलर आपोआप उतरवून पूर्ण अधिकारांनी चालवत असे आणि फोल्डर निवडण्याच्या खिडकीतून कमांड चालवण्याची वाट मोकळी होती. काही दिवसांतच स्टीलसिरीजच्या सॉफ्टवेअरबाबतही तसेच आढळले. पुढे रेझरच्या ‘सिनॅप्स’मध्ये तर डीएलएल हायजॅकिंगचीच त्रुटी निघाली. सामान्य वापरकर्ता आधीच बनवून ठेवू शकेल अशा फोल्डरमधून त्याची सेवा डीएलएल उचलत होती. कंपन्यांनी दुरुस्त्या दिल्या, पण जुनी आवृत्ती वापरणाऱ्याला त्यांचा उपयोग नाही.

मग करायचे काय?

सुटी डीएलएल उतरवू नये, ती ज्या संचाचा भाग आहे तो संच पुन्हा टाकावा. नावात ‘एमएसव्हीसीपी’ किंवा ‘व्हीसीरनटाइम’ असेल, तर मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरील व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल हा मोफत संच घ्यावा. फाइल हेडसेटच्या सॉफ्टवेअरची असेल, तर ते काढून कंपनीच्या संकेतस्थळावरून ताजी आवृत्ती घ्यावी. खरे तर आवाज नीट येत असेल, तर ते सॉफ्टवेअर हवेच का, हेही विचारून पाहावे. सराउंडसाठी विंडोजमध्ये ‘विंडोज सोनिक’ मोफत आहे.

रेझरसारख्या हल्ल्यासाठी संगणकासमोर बसावे लागते. त्यामुळे घरापेक्षा गेमिंग कॅफे आणि कॉलेजच्या लॅबला त्याची धास्ती जास्त. तिथे ग्राहकांना आणि विद्यार्थ्यांना अॅडमिनचे खाते देऊ नये आणि ‘डिव्हाइस इन्स्टॉलेशन सेटिंग्ज’मध्ये उत्पादकांची अॅप आपोआप उतरवण्याच्या प्रश्नाला ‘नो’ निवडावे.