बाराव्या जागेचा हिशोब

दिवाळीच्या सुटीत नातू पुण्याहून दारव्ह्याला आला. पहिल्याच दिवशी आजीने विचारले, "दिवसभर त्या मोबाईलमध्ये काय करतोस रे?" तो म्हणाला, "शेती करतो." घरात समाधान पसरले. दुसऱ्या दिवशी कळले की या शेतीत तो अंडी विकतो, अंड्यांपासून मेयोनीज बनवतो, डुकरे पाळतो, आणि ती डुकरे ट्रफल नावाचे कवक जमिनीतून हुंगून काढतात. इतकी अभक्ष्ये एकाच धंद्यात गोळा झालेली पाहून आजीने जेवणाच्या वेळी मोबाईल बंद, असा फतवा काढला. मी मात्र चष्मा लावून त्याच्या शेजारी बसलो. आडतीच्या गादीवर चाळीस वर्षे काढलेल्या माणसाला भावांची यादी दिसली की तो कोणत्याही दुकानात शिरतो.

खेळाचे नाव स्टारड्यू व्हॅली. एरिक बारोन नावाच्या एका अमेरिकन तरुणाने चार वर्षांहून अधिक काळ एकट्याने खपून तो तयार केला आणि २०१६ च्या फेब्रुवारीत तो बाजारात आला. चित्रे, संगीत, हिशोब, सारे एकट्याचे. यात गाय १,५०० नाण्यांना मिळते, बकरी ४,००० ना, मेंढी ८,००० ना आणि डुक्कर तब्बल १६,००० ना. परंतु खरी हौस असते ती दुर्मिळ जनावरांची. ती दुकानात मिळत नाहीत. जुने अंडे कुठेतरी सापडावे लागते, ते उबवावे लागते, मग डायनासोर किंवा शहामृग जन्माला येते. नातवाकडे डायनासोर होता. शहामृगाचे अंडे उबत ठेवले होते आणि स्वारी मोठ्या उत्कंठेने दिवस मोजत होती.

मी म्हटले, उत्पन्न सांग.

शहामृग सात दिवसांनी एक अंडे देते. कच्चे विकले तर ६०० नाणी. यंत्रात घातले तर त्याच्या दहा बाटल्या होतात, साधी बाटली १९० ची, म्हणजे १,९००. दिवसाला २७१ पडले. गाय रोज दूध देते, त्याच्या चीजचे २३०. फरक ४१ नाण्यांचा. डायनासोरचे अंडेही सात दिवसांनीच. त्याची बाटली एकच, ८०० ची. दिवसाला ११४, म्हणजे गाईच्या निम्म्यानेही नाही! ज्या जनावराचे साऱ्या मित्रांत कौतुक, ते गोठ्यातल्या साध्या गाईपुढे निम्मेही कमावत नव्हते. नातवाने हा भागाकार कधी मांडलाच नव्हता. तो थोडा हिरमुसला. मला मात्र, खोटे कशाला बोलू, बरे वाटले.

मग मी खेळाचा व्यवहार अधिक खोलात पाहू लागलो. संध्याकाळी माल एका पेटीत टाकायचा, रात्री गावचा प्रमुख तो उचलतो आणि सकाळी पैसे जमा. एक बाटली टाका किंवा हजार टाका, भाव तोच. आवक वाढली म्हणून भाव पडला, असे नाही. घट नाही, कटती नाही, उधारी नाही. चाऱ्याची पेंडीसुद्धा वर्षभर ५० नाण्यांनाच. आमच्याकडे सरकी ढेपेचा भाव एक महिना स्थिर राहिला तरी लोक कारण विचारतात. असे गिऱ्हाईक आणि असा चारा मिळाला तर तोट्यात जाण्यासाठी विशेष बुद्धी लागेल.

नेमके असेच गिऱ्हाईक आपल्या मुलखात खऱ्या शेतकऱ्यांना दाखवले गेले, हे मला तिथे बसल्या बसल्या आठवले. एमूची साथ अनेक वाचकांना स्मरत असेल. ऑस्ट्रेलियातला हा उंच, न उडणारा पक्षी; हिरवी काळपट अंडी, तेल, मांस, कातडे, सारेच म्हणे सोन्याच्या मोलाचे. पिल्लांची जोडी घ्या, अंडी आणि वाढलेले पक्षी आम्हीच परत विकत घेऊ, असा करार. आंध्र-तमिळनाडूतून ही लाट महाराष्ट्रातही आली. या धंद्यात पैसा येत होता तो तेल किंवा मांस खाणाऱ्या-वापरणाऱ्यांकडून नव्हे. पुढच्या शेतकऱ्याला पिल्ले विकून तो येत होता. २०१२ मध्ये इरोड जिल्ह्यातील पेरुंदुराईची सुसी एमू फार्म्स ही कंपनी कोसळली आणि मागे उरलेल्या उपाशी पक्ष्यांना खाऊ घालण्याची वेळ तेथील सरकारच्या पशुसंवर्धन खात्यावर आली. महाराष्ट्रातील पाळणाऱ्यांचीही गत निराळी नव्हती. पक्षी खात होते, विकत घेणारा नव्हता.

पुढे २०१९ मध्ये सांगली जिल्ह्यातील इस्लामपूरच्या महारयत ॲग्रो या कंपनीचे कडकनाथ प्रकरण गाजले. काळ्या मांसाची ही कोंबडी मूळची मध्यप्रदेशातील झाबुआची; २०१८ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळाले होते. दुर्मिळता खरी होती. भाव सांगणारे मात्र विकणारेच होते. पिल्ले देणार तेच, अंडी घेणारही तेच. ज्या सौद्यात विकणारा आणि घेणारा एकच असतो त्या सौद्यात भाव ठरत नाही, नुसता सांगितला जातो, हे आपल्या कोणत्याही दुकानातल्या मुनीमाला कळते. तरीही कर्जे काढून लोक त्यात गेले.

आमच्या यवतमाळ जिल्ह्याचा अनुभव याहून वेगळा आणि मला अधिक बोचणारा. त्यात फसवणूक नव्हती. २००६ च्या जुलैच्या प्रारंभी पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग यांनी विदर्भातील सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर केले. त्यात अधिक दूध देणारी जनावरे अर्ध्या किमतीत देण्याची तरतूद होती. हेतू चांगला. परंतु भरपूर दूध देणारी गाय भरपूर खातेही, आणि पितेही. कोरडवाहू कपाशीच्या गावात हिरवा चारा कोठून आणायचा? कुटारावर तिचे भागत नाही. ढेप विकत आणावी लागते. पत्रकार पी. साईनाथ यांनी तेव्हाच लिहिले होते की ज्या घरांत गाय गेली, त्यांतील अनेकांना तिला पोसणेच परवडेना. ती घरे गाईच्या उत्पन्नाचा आकडा ऐकून होती. गाईच्या खाण्याचा आकडा कोणी सांगितला नव्हता.

नातवाच्या खेळात उपाशी जनावर मरत नाही. रुसते, दूध देत नाही, एवढेच. म्हातारेही होत नाही. रात्री बाहेर राहून गेले तर एखादे वेळी वन्यप्राण्याच्या तोंडी जाते, तेवढाच धोका. सगळ्यात नवल वाटले ते विक्रीचे. जनावरावर जितकी माया करावी, तितकी त्याची किंमत वाढते. पूर्ण लळा लागलेली १,५०० ची गाय १,९५० ला जाते. आमच्या बैलबाजारात दहा वर्षे धन्याच्या हाकेला मान हलवणाऱ्या बैलाचा भाव असा वाढलेला मी पाहिला नाही.

"विकल्यावर ती जाते कुठे?" मी विचारले.

"कुठे नाही. दिसेनाशी होते."

वाचकहो, आपल्या घरांत हा प्रश्न नवा नाही. मुंबईत १८३४ पासून पांजरापोळ उभा आहे. भाकड आणि लंगड्या जनावरांचा खर्च तिथे कोणी निव्वळ दयेच्या उमाळ्यावर सोडला नाही. व्यापाऱ्यांनी सौद्यांवर लाग बसवली. माझ्या वडिलांच्या वहीत आडत, हमाली, तोलाई यांच्या ओळीतच 'धर्मादा' लिहिलेला असे. उत्पन्न न देणारे जनावर हाही खर्चच आहे आणि तो वहीत दिसला पाहिजे, असे ते मानत. सगळ्यांनीच तो नेहमी प्रामाणिकपणे पोहोचता केला, असे मी म्हणणार नाही.

चौथ्या दिवशी सकाळी नातू वही-पेन घेऊन माझ्याकडे आला. त्याच्या सर्वात मोठ्या गोठ्यात बारा जनावरे राहतात, तेराव्याला जागा नाही. बाराही जागा भरलेल्या. शहामृगाचे पिल्लू येणार, तेव्हा एकाला काढावे लागणार. त्याने पहिल्यांदा घेतलेली गाय विकायची ठरवली होती. तिचे नाव त्याने आजीच्या नावावरून ठेवले होते, हे मला तेव्हा कळले. आजीला अजूनही माहीत नाही. कृपया कोणी सांगू नये.

"नवा छोटा गोठा बांधला तर?"

"सहा हजार नाणी, आजोबा. फरक दिवसाला फक्त ४१ चा. वसूल व्हायला १४६ दिवस." भागाकार त्याने आता स्वतःहून केला होता.

"गाईचे उत्पन्न धरलेस का? ती राहिली तर तिचे २३० चालूच राहतात."

त्याने पेन खाली ठेवले. बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिला. मग त्याने गाय गोठ्याबाहेर अंगणात आणली, तिच्या डोक्यावर बोट ठेवले, एक लाल बदाम वर उडाला. गोठ्याला नाण्यांखेरीज ३५० लाकडे आणि १५० दगड लागतात. दगड होते. लाकडे सव्वादोनशेच निघाली. तो कुऱ्हाड घेऊन जंगलाकडे निघाला, आणि आजीने जेवायला हाक मारली.