स्फटिकाची घटिका

कार्डिफमधील मुलांस काळाच्या जादूचे नवल वाटू नये, अशीच या शहराची परिस्थिती आहे. २००५ सालापासून बीबीसीची ‘डॉक्टर हू’ ही मालिका या शहरात तयार होऊ लागली. तिच्यातूनच निघालेल्या ‘टॉर्चवुड’ या मालिकेत तर कार्डिफच्या जुन्या गोदीपाशी काळालाच तडा गेला आहे, अशी कल्पना योजिली होती. त्यात भर म्हणून गोष्टींच्या पुस्तकांतून आणि खेळांतून जादूचे स्फटिक येतात. निळा खडा हाती धरला की गेलेला दिवस परत येतो. लाल खडा धरला की शत्रू जागच्या जागी थिजतो. मग घरातील एखादी नात सहज विचारते, “आजोबा, असा खडा खरोखर असतो का हो?”

हा प्रश्न हसण्यावारी नेण्याजोगा नाही. काळ मागे फिरविणारा खडा कोठेही नाही. परंतु काळ मोजणारा खडा आहे आणि काळ साठवून ठेवणाराही आहे. पहिला तर आजोबांच्या मनगटावरच असतो.

१८८० साली झाक व प्येर क्युरी या फ्रेंच बंधूंना असे आढळले की, काही स्फटिक दाबले असता त्यांत विद्युत्‌ उत्पन्न होते. उलट, विद्युत्‌ दिली असता तेच स्फटिक कंप पावतात. या गुणाचा उपयोग करून १९२७ साली अमेरिकेत वॉरन मॅरिसन याने गारेच्या स्फटिकावर चालणारे पहिले घड्याळ सिद्ध केले, आणि १९६९ च्या नाताळात जपानच्या सेइको कंपनीने असे मनगटी घड्याळ बाजारात आणले. आजच्या अशा घड्याळातील चिमट्याच्या आकाराचा इवलासा स्फटिक सेकंदास ३२,७६८ वेळा थरथरतो. ही संख्या पंधरा वेळा निम्मी केली की बरोबर एक उरतो. तोच सेकंदाचा ठोका.

मराठी माणसास ही गणना परकी वाटण्याचे कारण नाही. अहोरात्राच्या साठ घटिका, घटिकेची साठ पळे आणि पळाची साठ विपळे हे कोष्टक पूर्वी पाठ असे. लग्नघरी पाण्यावर तांब्याचे घटिकापात्र सोडीत. तळाच्या बारीक छिद्रातून पाणी शिरून ते बुडाले की एक घटिका, म्हणजे चोवीस मिनिटे, भरली असे समजत. ज्या एका विपळात पूर्वीचा जोशी काही मोजूच शकत नसे, त्या विपळात आजचा स्फटिक तेरा हजारांहून अधिक वेळा कंप पावतो.

दुसरा खडा काळ साठविणारा. त्याचे नाव झिर्कॉन. हा स्फटिक घडताना युरेनियमचे अणू आपल्यात सामावून घेतो. शिशाला मात्र जवळजवळ थारा देत नाही. पुढे युरेनियमचे ठरावीक गतीने शिसे होत जाते. म्हणून आत किती शिसे साठले, हे पाहिले की खड्याचे वय कळते. ऑस्ट्रेलियातील अशा एका कणाचे वय सुमारे ४४० कोटी वर्षे ठरले आहे. सह्याद्रीचा काळा पाषाण ज्या लाव्ह्यातून झाला, त्याचा काळही झिर्कॉननेच सांगितला. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाप्रमाणे तो लाव्हा सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, साडेसात लक्ष वर्षांच्या अवधीत, थरांवर थर असा वाहिला.

त्याच पाषाणाच्या पोकळ्यांतून पुढे स्टिल्बाइट, ॲपोफिलाइट यांसारखे देखणे स्फटिक वाढले. जळगाव, नाशिक, पुणे या भागांतील खाणींतून ते निघतात. पुण्याजवळच्या वाघोलीचा निळा कॅव्हनसाइट जगभरच्या संग्राहकांस ठाऊक आहे. सिन्नर येथील ‘गारगोटी’ संग्रहालयात त्यांचे उत्तम नमुने पाहावयास मिळतात. परदेशी दुकानांत मात्र हेच खडे दुःखहारक म्हणून विकले जातात. खड्याच्या सौंदर्यासाठी कोणी पैसे दिले तर त्यात वावगे नाही. परंतु त्याने आजार बरा होतो किंवा गेलेली वेळ परत येते, असे मानणे म्हणजे स्वतःची फसवणूक होय.

सह्याद्रीच्या पायथ्यापासून समुद्रापार गेलेले केवळ दगडच नव्हेत. १८३४ नंतर रत्नागिरीकडील कित्येक कुटुंबे मुंबई बंदरातून मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांवर करारबद्ध मजूर म्हणून गेली. काळावर सत्ता चालविणे म्हणजे काय, हे त्यांनी कोणत्याही कथेवाचून अनुभविले. पहाटेची घंटा मळेवाल्याची; कराराची वर्षे कागदावर लिहिलेली. ‘डबल कट’ नावाच्या पद्धतीप्रमाणे तर एक दिवस कामावर न आलेल्या मजुराची दोन दिवसांची मजुरी कापीत. तापाने चार दिवस अंथरुण धरले की आठ दिवसांचे श्रम वाया! एका दिवसाचे दोन करणारी याहून क्रूर जादू कोणत्या गोष्टीत सापडेल?

आज त्यांच्या पणतवंडांच्या मनगटावर स्वतःचे घड्याळ आहे आणि त्यातील वेळही त्यांची स्वतःची आहे. ती वेळ कशी खर्चावी, एवढाच प्रश्न उरतो. मॉरिशसमध्ये मोका येथील महात्मा गांधी संस्थेत त्या मजुरांच्या नोंदी जपून ठेविल्या आहेत. नाव, बापाचे नाव, वय, गाव, जहाज असा तपशील त्यांत मिळतो. परंतु घंटा वाजली की आई कोणती ओवी म्हणे, गणपतीला नैवेद्य कशाचा होई, गावाची आठवण कोणत्या शब्दांत निघे, हे कोणत्याही नोंदवहीत नाही. ते घरातील वृद्धांच्या स्मरणात आहे आणि वर्षागणिक विरळ होत चालले आहे.

तेव्हा नातीच्या प्रश्नाचे उत्तर आजोबांनी असे द्यावे: “नाही बाळ, काळ मागे फिरविणारा खडा नाही. पण वही आण आणि इथे बैस. आजीलाही बोलाव.” येत्या गणेशोत्सवापूर्वी प्रत्येक घरात अशी एक वही भरली, तर त्या बैठकीत खर्ची पडलेल्या घटिका सत्कारणी लागल्या, असे निःसंशय म्हणता येईल.