राष्ट्राध्यक्षांचा सेंटर फॉरवर्ड

शनिवारी रात्री झोप येईना, म्हणून पुन्हा एकदा १९७०ची वर्ल्ड कप फायनल लावली. ब्राझील ४, इटली १. शेवटचा तो कार्लोस अल्बर्टोचा गोल... पेलेने शांतपणे उजवीकडे सरकवलेला बॉल आणि मागून धावत येऊन हाणलेला फटका. किती वेळा बघितलाय, मोजदाद नाही.

पण हल्ली तो बघताना जुआंव सल्दान्या आठवतो. पेशाने पत्रकार, विचाराने पक्का कम्युनिस्ट, आणि १९६९मध्ये चक्क ब्राझीलचा कोच! तेही लष्करी राजवटीत. त्याच्या टीमने क्वालिफायिंगच्या सहाच्या सहा मॅचेस जिंकल्या. २३ गोल केले, खाल्ले फक्त २.

राष्ट्राध्यक्ष होते जनरल मेडिसी, फुटबॉलचे शौकीन. त्यांना अतलेतिको मिनेरोचा दारिओ टीममध्ये हवा होता. तुम्ही मंत्री निवडा, टीम मी निवडतो, अशा अर्थाचं उत्तर सल्दान्याने दिलं म्हणतात. मार्च १९७०मध्ये, वर्ल्ड कप तोंडावर असताना, त्याला नारळ मिळाला. झगालो आला.

ही गोष्ट मी ऑफिसच्या कँटीनमध्ये बऱ्याचदा रंगवून सांगितलीये. आपल्याला जवळची वाटते ना... क्लायंट म्हणतो 'आमचा अमुक टीममध्ये घ्या' आणि लीड मुकाट मान डोलावतो! (फरक इतकाच की क्लायंटच्या हातात तुरुंग नसतो.)

पण प्रामाणिकपणे सांगायचं तर ही अर्धीच गोष्ट आहे. सल्दान्या डोक्याने भलताच गरम. टीका केली म्हणून फ्लामेंगोच्या कोचला शोधत रिव्हॉल्व्हर घेऊन गेलेला माणूस हा. पेलेची नजर अधू झालीये, त्याला बसवावं लागेल, असंही बोलायला लागला होता. त्यात मार्चच्या सुरुवातीला अर्जेंटिनाकडून हार. असा कोच लोकशाहीतही टिकला असता का, शंकाच आहे.

मग हस्तक्षेप झाला की नाही? माझ्या मते झाला, आणि हुकूमशाहीत तो असाच होतो. लेखी आदेश लागत नाही. साहेबांची आवड सगळ्यांना माहीत असते आणि फेडरेशनकडे सांगण्यासारखी चार बरी कारणं तयार असतात. डिसेंबर १९६८च्या पाचव्या संस्थात्मक कायद्यानंतर संसदेला टाळं लागलेलं, पेपरांवर सेन्सॉर बसलेला. खरं कारण विचारणार कोण आणि छापणार कुठे?

मित्र म्हणतो, "पण कप आला ना?" आला. पेले, जेर्झिन्यो, तोस्ताव असताना न यायला काय झालं! गंमत म्हणजे झगालोने दारिओला मेक्सिकोला नेला, पण एक मिनिटही खेळवला नाही. पण मेडिसींचं कुठे अडलं? कपासोबत फोटो निघाले, विजय सरकारच्या जाहिरातींत गेला. त्याच वर्षी, त्याच देशात, तुरुंगांत लोकांचे छळ चालू होते. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या डिल्मा रूसेफ तेव्हा आतच होत्या.

आणि एवढ्यावर थांबलं नाही. १९७५मध्ये फेडरेशनचा प्रमुखच एक ॲडमिरल झाला. १९७८च्या वर्ल्ड कपला कोच म्हणून गेला लष्करातला माजी कॅप्टन, क्लॉडिओ कुतिन्यो. देशांतर्गत चॅम्पियनशिप तर अशी फुगली की विचारू नका. जिथे सरकारी पक्ष 'अरेना'ची हालत खराब, तिथली एक टीम आत घ्या, असं लोक उघड म्हणायचे. १९७१मध्ये २० टीम्स होत्या. १९७९मध्ये ९४!