हप्ता परवडतो, पण मुदत परवडते का?



दसरा-दिवाळी जवळ आली की आपल्या महिला मंडळात नव्या घरांच्या बातम्या येऊ लागतात. कुणाच्या मुलानं पुण्यात फ्लॅट बुक केलेला असतो, कुणाची लेक-जावई मोठ्या घरात जाणार असतात. ऐकून आनंदच होतो. पण "कर्ज किती काढलं गं?" असं विचारलं की उत्तर ठरलेलं असतं, "पस्तीस हजार हप्ता बसतोय, दोघांच्या पगारात आरामात निघतो."

हे हप्त्याचं उत्तर झालं, कर्जाचं नाही. कोथिंबिरीच्या जुडीला पाच रुपये जास्त सांगितले तर आपण पुढच्या गाडीवर जातो. सोनं घेताना मजुरी किती, घट किती, सगळं विचारतो. आणि आयुष्यातली सर्वांत मोठी खरेदी शेवटी कितीला पडणार, हे मात्र विचारत नाही. माझं मत स्पष्ट आहे. घराच्या कर्जाची खरी किंमत हप्त्यात नसते, मुदतीत असते. आणि ती किंमत घरातल्या बाईला सहीच्या आधी माहीत असलीच पाहिजे.

आता आकडे बघू. घाबरू नका, बेरीज-वजाबाकीच आहे.

समजा ४० लाखांचं कर्ज आहे, व्याज साडेआठ टक्के आणि मुदत २० वर्षं. हप्ता येतो सुमारे ३४,७१३ रुपये. असे २४० हप्ते भरले की एकूण होतात ८३ लाख ३१ हजार. म्हणजे ४० लाख मुद्दल आणि ४३ लाख ३१ हजार व्याज. एका घराचे पैसे बिल्डरला आणि दुसऱ्या घराचे बँकेला, असाच हा हिशेब आहे.

पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फिटतात फक्त ६,३८०. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले तर हातून जवळजवळ २० लाख ८३ हजार गेलेले असतात, पण मुद्दल कमी झालेलं असतं पावणेपाच लाखच. अजून सव्वापस्तीस लाख शिल्लकच. निम्मं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष संपत येतं. यात बँकेची काही लबाडी नाही. व्याज शिल्लक रकमेवर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, म्हणून व्याजही मोठं. पण हे माहीत नसलेल्या बाईला वाटत राहतं, पाच वर्षं झाली, पाव कर्ज तरी फिटलं असेल.

आता मुदत बदलून बघा. हेच कर्ज १५ वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता ३९,३९० होतो. महिन्याला पावणेपाच हजारांच्या आसपास जास्त. पण एकूण व्याज येतं ३० लाख ९० हजार. म्हणजे १२ लाख ४० हजार वाचले. उलट ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ३०,७५७ वर येतो. महिन्याला चार हजार वाचल्याचं समाधान मिळतं आणि एकूण व्याज होतं ७० लाख ७२ हजार.

आणखी एक उदाहरण मला सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं, कारण घरोघरी तेच घडतं. घर बघायला गेलं की थोडं मोठं, थोडं वरच्या मजल्यावरचं आवडतं. विक्री करणारा मुलगा सांगतो, "काकू, हप्ता तेवढाच ठेवतो, फक्त मुदत तीस वर्षं करतो." ३४,७१३ च्याच हप्त्यात तीस वर्षांसाठी कर्ज मिळतं सुमारे ४५ लाख १५ हजार. म्हणजे सुमारे ५ लाख १५ हजारांचं घर जास्त आलं, आणि त्यासाठी आणखी दहा वर्षं, १२० हप्ते, ४१ लाख ६५ हजार रुपये. एका जास्तीच्या बाल्कनीची ही किंमत. हप्ता तोच असल्यामुळे ती कुणाला दिसतच नाही.

इथे मला आपलं परिग्रह-परिमाण व्रत आठवतं. बाह्य परिग्रहाची यादी सुरू होते तीच क्षेत्र आणि वास्तू यांपासून, म्हणजे जमीन आणि घरापासून. श्रावकानं घर घेऊच नये असं कुठे सांगितलेलं नाही. मर्यादा ठरवा, एवढंच सांगितलंय, आणि ती आधी ठरवा. बाजार आपली मर्यादा आपल्यासाठी ठरवतो, आणि ती ठरवतो हप्त्यावरून. आपण ती एकूण रकमेवरून ठरवायला हवी.

कर्मबंधाचे चार प्रकार आपण पाठशाळेत शिकलो, प्रकृती, स्थिती, अनुभाग आणि प्रदेश. त्यातली स्थिती म्हणजे ते कर्म किती काळ चिकटून राहणार. कर्ज आणि कर्म एकच आहेत असं मी म्हणत नाही, पण विचार करण्याची ही सवय इथे कामाला येते. किती बांधलं, एवढंच नाही, किती काळासाठी बांधलं हेही पाहायचं. निर्जराही दोन प्रकारची. वेळ आली की आपोआप गळणारी सविपाक, आणि तपानं वेळेआधी घडवून आणलेली अविपाक. झाडावर पिकणारा आंबा आणि आढीत घालून पिकवलेला आंबा, हा दृष्टांत आठवतो ना? नुसता हप्ता भरत राहणं हा झाडावरचा आंबा झाला. आढी घालायची असेल तर थोडं तप करावं लागतं.

ते तप फार कठीण नाही. वरच्याच २० वर्षांच्या कर्जात दर वर्षाअखेर एक हप्ता जादा भरला, बोनसमधून म्हणा, दिवाळीच्या खरेदीतून वाचवून म्हणा, तर कर्ज सुमारे १६ वर्षं ८ महिन्यांत फिटतं. तीन वर्षं चार महिने आधी. आणि जादा भरलेले ते हप्ते धरूनही एकूण सव्वाआठ लाखांच्या आसपास वाचतात. बदलत्या व्याजदराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून वेळेआधी फेडल्याचा दंड बँकेला घेता येत नाही, हा रिझर्व्ह बँकेचा नियम २०१२ पासून आहे. जादा रक्कम भरताना एक मात्र लेखी सांगा, "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा." हप्ता कमी करून घेतला तर फायद्याचा मोठा भाग हातातून जातो.

व्याजदर बदलतो तेव्हा काय होतं, हेही समजून घ्या. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली आहेत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. सात टक्क्यांनी ४० लाख घेतलेल्याचा २० वर्षांचा हप्ता होता ३१,०१२. वर्षभर हप्ते भरल्यावर दर साडेनऊ झाला असं धरलं, तर नुसतं महिन्याचं व्याजच होतं ३०,९१३. मुद्दलात जाणार किती? ९९ रुपये. त्याच हप्त्यानं कर्ज फिटायला साठ वर्षं लागतील. म्हणून बँका मुदत वाढवतात, हप्ताही वाढवतात. पण मुदत वाढल्याचा मेसेज नवऱ्याच्या मोबाइलवर येतो आणि तिथेच राहतो. खात्यातून तेवढीच रक्कम जाते, म्हणून घरात कुणाला काही बदललं असं वाटत नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं बँकांना सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्या. दर तीन महिन्यांनी एक विवरणही उपलब्ध करून द्यायचं, त्यात आजवर किती मुद्दल फिटलं, किती व्याज घेतलं, किती हप्ते उरले आणि दर काय, हे असतं. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्यानं खाली आला. दर उतरला की हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. झेपत असेल तर हप्त्याला हात लावू नका, मुदत उतरू द्या.

नवं कर्ज घेणाऱ्यांसाठी आणखी एक सोय आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद द्यावा लागतो, आणि तोही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. मराठीत मागा, लाजू नका. प्रक्रिया शुल्क वगैरे धरून वर्षाचा खरा दर किती पडतो ते त्यात असतं, आणि हप्त्यांचं संपूर्ण वेळापत्रकही. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवलाय का, तेही पाहा. एक लाखाचा विमा २० वर्षांच्या कर्जात घातला तर साडेआठ टक्क्यांनी तो २ लाख ८ हजारांना पडतो.

आता समोरून येणारे मुद्दे. "व्याजावर कर वाचतो ना!" जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही. वरच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ३ लाख ३७ हजार आहे. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे त्यावर वाचतात ४१,६०० रुपये. दोघांच्या नावावर घर आणि कर्ज असेल तर दोघांना वेगळी वजावट मिळते, हे खरं. तरीही कर वाचवण्यासाठी व्याज भरणं हा कुठल्याही दुकानदाराला न पटणारा व्यवहार आहे.

दुसरा मुद्दा मुलं मांडतात, आणि तो खोटा नाही. भाडं वाचतं, आणि वीस वर्षांनंतरचे पस्तीस हजार आजच्याइतके जड नसतील. जादा पैसे कर्जात घालण्यापेक्षा म्युच्युअल फंडात घातले तर जास्त वाढतील, असंही ते म्हणतात. वाढतीलही. पण ती वाढ 'कदाचित' आहे, आणि कर्जावर वाचलेले साडेआठ टक्के नक्की आहेत. मी कर्ज काढू नका म्हणत नाही, आणि हाताशी सहा महिन्यांचा खर्च न ठेवता सगळं बँकेत भरा असंही म्हणत नाही. डोळे उघडे ठेवून मुदत ठरवा, एवढंच म्हणते.

हे मी बायकांनाच का सांगते? कारण आजकाल बँक बायकोची सही सहकर्जदार म्हणून घेते, आणि आपण "इथे करा" म्हटलं की करतो. त्या सहीनं आपणही पूर्ण कर्जाच्या देणेकरी होतो, अर्ध्याच्या नाही. उद्या कमावता माणूस गेला तर दुःखाच्या तेराव्या दिवशीही हप्त्याची तारीख चुकत नाही. अशा घरी भेटायला गेल्यावर कर्ज किती उरलंय, विमा आहे की नाही, घराचे मूळ कागद कुठे आहेत, हे बाईला सांगता येत नाही, तेव्हा तिच्याकडे बघवत नाही. म्हणून कर्जाएवढा मुदत विमा आहे का, हे आजच विचारा. आणि कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते.

काही जणी म्हणतील, घरातल्या पुरुषांना हिशेब विचारणं बरं दिसत नाही. आपल्या समाजात दिवाळीला, महावीर निर्वाणाच्या पर्वात, वही-खात्यांची पूजा होते. जिची आपण पूजा करतो ती वही उघडून वाचण्यात कसला अनादर? सूनबाईंनीही हे संशय म्हणून नको, काळजी म्हणून विचारावं. आणि सासवांनी "तुला काय करायचंय" असं न म्हणता शेजारी बसून ऐकावं.

या रविवारी देवदर्शन करून आलात की घरच्यांकडे ते तिमाही विवरण मागा. मुद्दल किती उरलं, हप्ते किती उरले, दर किती, आणि मुदत शेवटची कधी वाढली, एवढी चार उत्तरं स्वयंपाकघरातल्या डायरीत लिहून ठेवा, तारखेसह. पुढच्या तिमाहीला पुन्हा लिहा. दोन वेळच्या आकड्यांची वजाबाकी केली की तुमचं घर तुम्हाला कितीला पडतंय ते दिसू लागेल.

जय जिनेंद्र.