१९९३ : किल्लारी, ग्रीस आणि न दिसणारा भूकंप

१/७
३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटे. किल्लारीच्या भूकंपात लातूर-उस्मानाबादची सात हजारांहून अधिक माणसे गेली. मुले गमावलेल्या अनेक मातांची कुटुंबनियोजनाची शस्त्रक्रिया आधीच झाली होती. पुन्हा आई होता यावे, म्हणून त्यांपैकी कित्येकींनी दुसरी शस्त्रक्रिया करून घेतली.

२/७
इतक्या सायासाने मिळालेल्या गर्भालाही एक धोका होता : रुबेला. मुलांमध्ये हा आजार सौम्य असतो. थोडा ताप, थोडे पुरळ. गर्भारपणाच्या पहिल्या तीन महिन्यांत मात्र तो बाळाची दृष्टी, श्रवण आणि हृदय हिरावू शकतो. १९४१ मध्ये सिडनीचे नेत्रतज्ज्ञ नॉर्मन ग्रेग यांनी हा संबंध प्रथम दाखवला.

३/७
१९६४-६५ च्या साथीत अमेरिकेत सुमारे २०,००० बाळे जन्मजात दोषांसह जन्मली. १९६९ मध्ये तेथे लस आली. भारताच्या सार्वत्रिक लसीकरणात मात्र १९९३ साली ती नव्हती.

४/७
ग्रीसकडे लस होती, पण ती निम्म्या मुलांपर्यंतही पोहोचत नव्हती. विषाणूचा वावर घटला, त्यामुळे अनेक मुली ना आजार, ना लस अशा अवस्थेत मोठ्या झाल्या. त्याच १९९३ साली तेथे तरुणांत साथ पसरली आणि तिच्या पाठोपाठ २५ बाळांत जन्मजात रुबेलाचे निदान झाले. अर्धवट लसीकरण हे लस नसण्याहूनही घातक ठरू शकते.

५/७
महाराष्ट्रात गोवर-रुबेला मोहीम २७ नोव्हेंबर २०१८ रोजी सुरू झाली. वयोमर्यादा होती ९ महिने ते १५ वर्षे. भूकंपानंतर जन्मलेल्या मुली तोवर चोविशीत पोहोचल्या होत्या. मोहिमेने त्यांना स्पर्शही केला नाही.

६/७
ही लस गर्भवतीला देता येत नाही. ती गर्भधारणेच्या किमान एक महिना आधी घ्यावी लागते. ज्यांनी ती घेतलेली नाही, त्यांचे रक्षण भोवतालची लसवंत मुलेच करतात. म्हणूनच ‘मुलग्यांना ही लस कशाला?’ हा प्रश्न अज्ञानाचा आहे. ऊसतोडीला गेलेल्या कुटुंबातील बाळाचा हुकलेला डोस हाही केवळ त्या घराचा प्रश्न उरत नाही. त्याच्यापर्यंत पोहोचणे हे शासनाचे कर्तव्य आहे.

७/७
भूकंपाची पूर्वसूचना कोणालाच देता आली नाही. रुबेलाची सूचना १९४१ पासून हाती आहे. ९ ते १२ आणि १६ ते २४ महिने या वयांतील दोन डोस प्रत्येक मुलाला मिळणे, हेच किल्लारीच्या मातांच्या त्या जिद्दीला साजेसे स्मारक होय.